मैदानातून वजा होणाऱ्या मुली

पाचवीच्या मुली मैदानावर येतात त्या पळतच. शिट्टीची वाट बघणं त्यांना माहीत नसतं. मी साहित्याच्या खोलीचं कुलूप काढेपर्यंत अर्ध्या जणींची शिवाशिवी सुरू झालेली असते. आठवीच्या मुली चालत येतात. दोघी-दोघी, एकमेकींच्या कोपरात हात अडकवून. आल्या की लिंबाच्या सावलीत उभ्या राहतात, हाताची घडी छातीवर, खांदे पुढे. "बाई, आज आम्ही गुण लिहितो," असं आपणहून सांगतात. गुण लिहायला एक मुलगी पुरते. माझ्याकडे सात-आठ जणी तयार असतात.

मी फलटणला एका शाळेत पी.टी. शिकवते. आमच्या भागाला खो-खोचं वेड आहे आणि मुलींना दाखवायला उदाहरणांचीही कमी नाही. शेजारच्या माण तालुक्यातल्या मोहीची ललिता बाबर खो-खोतूनच धावण्याकडे वळली आणि 2016 च्या रिओ ऑलिंपिकमध्ये तीन हजार मीटर स्टीपलचेसच्या अंतिम फेरीत पोचली. 2025 च्या जानेवारीत दिल्लीत खो-खोचा पहिला विश्वचषक झाला, त्यात आपल्या मुलींनी नेपाळला 78-40 असं हरवलं, कर्णधार आपल्या महाराष्ट्राची प्रियंका इंगळे. आमच्या पोरींना हे सगळं तोंडपाठ आहे. तरी सहावीत संघ निवडताना कुणाला वगळायचं हा प्रश्न असतो आणि नववीत बारा जणी जमवायला मला घरोघर फिरावं लागतं.

मधल्या काळात काय झालं, असं विचारलं तर उत्तर ठरलेलं आहे : "पाळी आली असेल." स्टाफरूममध्ये हेच, घरीही हेच. मला हे पटत नाही. बाकावर बसलेली मुलगी जे लपवू शकते ते पळताना लपत नाही, आणि मी त्यांना पळतानाच बघते. मैदान सुटायला लागतं ते पाळीच्या बरंच आधी, कधी दीड-दोन वर्षं आधी. आणि ते ज्यामुळे सुटतं त्याबद्दल घरात, शाळेत, पॅडवाटपाच्या कार्यक्रमात कुणी चकार शब्द काढत नाही.

एका मुलीचं सांगते. नाव नको. सहावीत होती, आणि सूर मारण्यात तिच्यासारखी दुसरी नव्हती. खो-खो न खेळलेल्यांसाठी : पळणारा गडी हातभर पुढे असतो, पावलांनी तो सापडणार नसतो, तेव्हा पाठलाग करणारीने स्वतःला हवेत झोकून द्यायचं आणि जमिनीवर पडता पडता बोटांनी त्याला टिपायचं. पडायचं ते छातीवर आणि पोटावर. या पोरीचा टी-शर्ट पुढून कायम मुरमाने तांबडा झालेला असायचा. दिवाळीच्या सुट्टीनंतर तिने सूर मारणं सोडलं. गडी डोळ्यांदेखत निसटायचा आणि ही दोन पावलं आधीच थांबायची. विचारलं की, "पोटात दुखतंय."

एका संध्याकाळी सराव संपल्यावर मैदान आखायच्या फक्कीचं पोतं आत ठेवायला ती माझ्याबरोबर साहित्याच्या खोलीत आली. पोतं ठेवलं तरी जाईना. रस्सीखेचीच्या दोराचा पीळ सोडवत उभी राहिली आणि दोराकडे बघतच म्हणाली, "बाई, ऑपरेशन करायलाच लागतं का?"

कसलं ऑपरेशन, हे मला लगेच उमगलं नाही. आदल्या वर्षी तिच्या आत्याच्या छातीत गाठ निघाली होती. कॅन्सर. एका बाजूचं सगळं काढावं लागलं. आता हिच्या डाव्या बाजूला, बरोबर मध्यभागी, चिंचोक्याएवढी गाठ लागत होती. दाबली की दुखायची. उजवीकडे काहीच नव्हतं, म्हणजे अगदी आत्यासारखंच. दिवाळीपासून रोज रात्री पांघरुणात हात घालून ती गाठ वाढली का ते बघत होती. घरात बोलली नव्हती, कारण आत्याच्या ऑपरेशनसाठी वडिलांनी कर्ज काढलेलं तिला माहीत होतं. पुन्हा तोच खर्च कसा सांगायचा?

मुलींचं वयात येणं बहुतेक वेळा इथूनच सुरू होतं. स्तनाग्राच्या मागे एक छोटी, कडक, हुळहुळी गाठ. 8 ते 13 या वयात कधीही. पुष्कळदा आधी एकाच बाजूला, दुसरी बाजू काही महिन्यांनी. कपडा घासला तरी दुखतं, मग पळत येऊन जमिनीवर छाती आपटल्यावर काय होत असेल! पहिली पाळी यायला यानंतर साधारण दोन-अडीच वर्षं असतात. म्हणजे मुलीच्या शरीराने आगाऊ सूचना दिलेली असते, चांगली ठळक. ती वाचून दाखवणारं कुणी नसतं एवढंच.

तिच्या आईला शाळेत बोलावून घेतलं. बाई शहाणी, बचतगटाचा हिशेब तिच्याकडे. म्हणाली, "माझ्या आलं होतं की लक्षात. पण म्हटलं एवढ्यात काय सांगायचं? कळतंय की पोरींना आपोआप." आपोआप काय कळलं होतं ते तिला सांगितलं तेव्हा तिने पदर तोंडाला लावला. तिच्या आईनेही तिला असंच आपोआपवर सोडलं होतं.

शाळेचं म्हणाल तर पाळीचं चक्र सविस्तर येतं ते दहावीच्या विज्ञानाच्या दुसऱ्या भागात. आपल्याकडे पहिली पाळी साधारण बारा-तेराव्या वर्षी येते आणि दहावीची मुलगी पंधराची असते. तोवर तिला तीसेक पाळ्या येऊन गेलेल्या असायच्या, आणि आम्ही तिला आकृतीला नावं द्यायला सांगतो, चार गुणांसाठी. 2007 साली तर लैंगिक शिक्षणावरून विधिमंडळात गदारोळ झाला आणि राज्यातल्या शाळांतून ते बंदच करण्यात आलं. त्यानंतर जे काही होतं ते बहुतेक पॅडभोवती होतं. पॅड महत्त्वाचंच. 2018 च्या महिला दिनी राज्य सरकारने अस्मिता योजना सुरू केली, जिल्हा परिषद शाळांतल्या मुलींना पाच रुपयांत आठ पॅड, आणि ती हवीच होती. पण किशोरवयीन मुलींचा कार्यक्रम म्हटला की मागे फ्लेक्स, पुढे पाकिटं, मध्ये पाहुण्या, असाच फोटो का निघावा? त्या फोटोतल्या अर्ध्या मुलींना आपल्या छातीत काय दुखतंय ते माहीत नसतं.

म्हणून मी आता पाचवीलाच बोलते, जूनमध्ये, पावसामुळे मैदान बंद असतं तेव्हा. मुलींना गोल बसवायचं आणि क्रमाने सांगायचं : आधी हे होईल, मग हे, मग हे. गाठ. काखेत आणि खाली केस. घामाचा वास बदलेल, त्यात लाजण्यासारखं काही नाही, अंघोळ करा. तोंडावर पुटकुळ्या. मग एकदम उंची. आणि उंची वाढताना हात-पाय आधी लांब होतात, धड मागून येतं, त्यामुळे काही महिने पाय आपले नाहीतच असं वाटेल. ठेच लागेल, चौक घेताना तोल जाईल, काल जमलेली हुलकावणी आज जमणार नाही. हे मी मुद्दाम ठासून सांगते. कारण नेमकी इथे मुलगी ठरवून टाकते की आपल्याला आता खेळ येत नाही. सहावीत पहिल्या तीनांत येणारी सातवीत मागे पडली की घरचे म्हणतात, "अभ्यासाकडे बघ." तिचं कौशल्य गेलेलं नसतं. तिला नवं शरीर मिळालेलं असतं आणि ते चालवायला शिकायला एखादं वर्ष लागतं.

कंबर रुंदावते, मांड्या भरतात, अंगावर चरबी येते. ही चरबी हवीच असते, तिच्याशिवाय पाळीचं तंत्र नीट चालत नाही. पण घरात काय ऐकू येतं? "सुटलीस बघ," "भात कमी कर." बोलणारी मावशी असते किंवा काकू, आणि तिच्या मनात वाईट काहीच नसतं. मुलगी मात्र डबा परत नेऊ लागते. मी डब्यांवर लक्ष ठेवते. पळणाऱ्या मुलीने पोटभर खाल्लं नाही तर आलेली पाळीही थांबू शकते, आणि हाडं ठिसूळ राहतात.

हाडांचं तर मी प्रत्येक पालकसभेत सांगते. मुलीच्या हाडांत जेवढा खनिजांचा साठा आयुष्यात जमायचा असतो त्यातला जवळजवळ 90 टक्के वयाच्या 18 पर्यंत जमतो. त्यातही सुमारे पाव हिस्सा पाळी सुरू होण्याच्या आगेमागे, दोनेक वर्षांतच. आणि तो जमतो उड्यांनी, धावण्याने, जमिनीवर पाय आपटण्याने. साठीत कंबरडं मोडलेल्या आज्या आपण घराघरांत बघतो. नेमक्या ज्या दोन वर्षांत पोरीने मैदानावर असायला हवं, त्याच दोन वर्षांत आपण तिला "आता मोठी झालीस" म्हणून घरात घेतो. असा उलटा कारभार दुसरा कुठे असेल तर मला दाखवा.

आता एक गोष्ट, जिच्याबद्दल बायका कुजबुजतही नाहीत नीट : अंगावरून पांढरं जाणं. पहिली पाळी यायच्या सहा महिने ते वर्षभर आधी मुलीच्या चड्डीवर पांढरट, पातळ डाग दिसायला लागतात. शरीर तयार होत असल्याची ती खूण. वास नसेल, खाज नसेल, तर त्यात काहीही बिघडलेलं नाही. खाज आली, घाण वास आला, दह्यासारखं घट्ट जाऊ लागलं तर डॉक्टरकडे जायचं, इतकं साधं. पण आपल्याकडे पांढरं जातं म्हणजे हाडं झिजतात, अंगातली ताकद जाते, असा पक्का समज. मुलगी चड्डी स्वतःच धुऊन दोरीवर टॉवेलखाली वाळत घालते. न वाळलेली तशीच घालते, मग खरंच खाज सुटते.

हे मला नुसतं मुलींच्या भीतीपुरतं वाटत नाही. ऑक्टोबर उजाडला की आमच्या भागात साखर कारखान्यांवर ऊसतोडीच्या टोळ्या येतात, बऱ्याच बीडकडच्या. 2019 मध्ये बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांची सरकारी पाहणी झाली. आमदार नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालच्या समितीपुढे आकडा आला तो असा : 82,309 बायकांपैकी 13,861 जणींची गर्भाशयं काढलेली, त्यांतल्या कित्येकी चाळिशीच्या आतल्या. पाळीत एक दिवस कोयता थांबला तरी खाडा पडतो, आगाऊ घेतलेली उचल फिटत नाही, हे त्यामागचं एक कारण. दुसरं कारण मला जास्त छळतं. अंगावरून जातंय, पोट दुखतंय म्हणून बाई दवाखान्यात गेली की तिला सांगायचे, पिशवी खराब झालीय, कॅन्सर होईल. आणि बाईने ऐकलं. कारण आपल्या पोटात काय असतं, त्यातलं नेहमीचं काय आणि आजाराचं काय, हे तिला अकराव्या वर्षी कुणी सांगितलं नव्हतं आणि एकतिसाव्याही नाही. साहित्याच्या खोलीत दोराचा पीळ सोडवणारी माझी मुलगी तरी काय वेगळी होती? तिने फक्त मला विचारलं. दुसऱ्या कुणाला विचारलं असतं, तर?

पाळीबद्दल पुष्कळ लिहून होतं, म्हणून थोडक्यात. मुलींना वाटतं बादलीभर रक्त जातं. अख्ख्या पाळीत जातं ते साधारण 30 ते 40 मिलिलिटर, म्हणजे चहाचे सहा ते आठ चमचे. पहिली दोनेक वर्षं तारखा पुढेमागे होणारच. 21 दिवसांनी आली तरी चालतं, 45 दिवसांनी आली तरी. तासा-दोन तासाला पॅड बदलावं लागत असेल, सात दिवसांच्या वर जात असेल, किंवा पंधरावं संपत आलं तरी आली नसेल, तर डॉक्टर. आठव्या वर्षाच्या आत छाती वाढायला लागली तरी डॉक्टर, आणि तेरा पूर्ण होऊनही काहीच खूण नसली तरीही. दुखलं तर शेकायचं, जमेल तसं हलायचं, आणि डॉक्टरांनी सांगितलेली दुखण्याची गोळी वेळेवर घ्यायची. त्या गोळीने पुढे मूल होत नाही, हे धादांत खोटं आहे. पाळीत पळाल्याने पिशवी खाली येते हेही खोटं. रिओत 2016 साली चीनची जलतरणपटू फू युआनहुई शर्यतीनंतर कॅमेऱ्यासमोर सरळ म्हणाली, काल पाळी आली, थकल्यासारखं झालं होतं, पण ते काही कारण नव्हे. मी हे मुलींना सांगितलं तेव्हा मागून एक आवाज आला : "पाण्यात? आणि पाणी लाल नाही झालं?" पुढची पंधरा मिनिटं टॅम्पॉन आणि कपवर गेली. एवढे प्रश्न मला खो-खोच्या नियमांवर कधी आले नाहीत.

निळ्या गोळीचं मात्र सांगायलाच हवं. शाळेत आठवड्याला एक लोहाची गोळी मिळते आणि ती हमखास खिडकीबाहेर जाते. कारण एकीला मळमळलं, दुसरीला शौचाला काळं झालं, आणि बातमी वर्गभर पसरली. जेवणानंतर घ्या, वर चहा पिऊ नका, लिंबू पिळलेलं काही खा, काळं होणारच आहे, घाबरू नका, ही चार वाक्यं गोळीबरोबर कुणी दिली नाहीत तर गोळी देऊन उपयोग काय? 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत 15 ते 19 वयाच्या मुलींपैकी 59 टक्क्यांच्या अंगात रक्त कमी निघालं. ज्या मुलीला दुसऱ्या फेरीतच धाप लागते तिला आपण आळशी म्हणतो.

आणि शाळांची तऱ्हा. जुलै 2025 मध्ये शहापूर तालुक्यातल्या एका शाळेत स्वच्छतागृहात रक्ताचे डाग दिसले, तर ते कुणाचे हे शोधायला मुलींचे कपडे उतरवून तपासणी केली. गुन्हा दाखल झाला, अटक झाली, ते योग्यच. मला त्यापेक्षा एवढंच दिसतं, की त्या स्वच्छतागृहात एक झाकणाची बादली, एक कडी आणि एक मग पाणी असतं तर डागच राहिला नसता.

आमच्याकडे भांडण चाललंय ते शनिवारच्या पांढऱ्या गणवेशावरून. महाराष्ट्रातल्या निम्म्या शाळांत शनिवार म्हणजे पी.टी. आणि पी.टी. म्हणजे पांढरा. विम्बल्डनसारख्या सोवळ्या ठिकाणीसुद्धा 2023 पासून बायकांना पांढऱ्या स्कर्टखाली गडद रंगाची शॉर्ट घालायची मुभा मिळाली, तिथे आमची परंपरा कोणती मोठी लागून गेली? तरी गडद निळ्या ट्रॅकपँटचा अर्ज दोन वर्षं फायलीत होता. शेवटी मुलींनीच सह्या गोळा केल्या. आठवीच्या, त्याच गुण लिहिणाऱ्या. यंदापासून निळी.

राहिला आतल्या कपड्यांचा विषय. नुसत्या शमीजवर पळणारी मुलगी हाताची घडी घालणार नाही तर काय करणार? धावण्यासाठीची ब्रा जगात पहिल्यांदा बनली ती 1977 साली, अमेरिकेतल्या तिघी बायकांनी पुरुष खेळाडूंचे दोन लंगोटवजा सपोर्टर उलटे करून, एकत्र शिवून. म्हणजे माझ्या आईच्या शाळेच्या दिवसांत ही वस्तूच अस्तित्वात नव्हती. तिच्या पिढीने मैदान सोडलं यात नवल नाही. आज ती आपल्या बाजारपेठेतही मिळते. पण आया म्हणतात, "एवढ्यात कशाला?" आणि सातवीच्या मुलीला दुकानात जाऊन मागता येत नाही, कारण काउंटरवर ओळखीचे काका असतात.

परवा शाळा सुटल्यावर एक वडील गेटपाशी मोटरसायकल लावून उभे होते. पोरगी खो-खोत आहे, आई पुण्याला धुण्याभांड्यांच्या कामाला, महिन्यातून एकदा येते. आधी पाऊसपाण्याचं बोलले. मग टायरला बुटाचं टोक लावत म्हणाले, "बाई, ते पळायचं आतलं... पोरगी काय सांगंना, पण तिला पायजे असंल. कुठं मिळंल? माप काय सांगू?"

मी सामन्याच्या गुणपत्रिकेच्या पाठीमागे लिहून दिलं. छातीच्या खालून टेप लावायची, तिची तिलाच लावू द्या, जो आकडा येईल तो सांगा, कापड सुती, पट्टे रुंद. त्यांनी नीट वाचलं, घडी करून शर्टाच्या खिशात घातलं आणि किक मारता मारता विचारलं, "एक बास का?"

"दोन घ्या," म्हटलं. "एक वाळेपर्यंत दुसरी लागते."